मिटल्या डोळ्यांचा चित्रकार

रविकिरणकडे जे फोटो येतात त्यांतल्या माणसांचे डोळे मिटलेले असतात. आम्हा लिंगायतांत माणूस गेलं की त्याला आडवं ठेवत नाहीत. भिंतीला टेकवून बसवतात. कपाळावर विभूती, अंगावर शाल, गळ्यात हार आणि तळहातावर त्याचं इष्टलिंग. बसवूनच नेतात आणि बसवूनच माती देतात. नेण्याआधी घरचे लोक एक फोटो काढून घेतात. खेड्यापाड्यांतल्या कित्येक म्हाताऱ्या माणसांचा आयुष्यातला तेवढाच एक धड फोटो असतो. आधार कार्डावरचा असतो म्हणा, पण त्यात कोणीच स्वतःसारखं दिसत नाही. भिंतीवर मिटलेले डोळे कोणाला नको असतात. मग लोक तो फोटो रविकिरणकडे आणतात. तो त्यावरून तैलरंगात चित्र काढतो आणि माणसाचे डोळे उघडून देतो.

रविकिरण माझा मुलगा. वय बत्तीस. लातूरला गंजगोलाईच्या मागे आमचं घर आहे. खाली यांचं, म्हणजे माणिकप्पांचं, सरकी-पेंडीचं दुकान, वर आम्ही आणि गच्चीलगत रवीची खोली. पेंडीच्या रिकाम्या पोत्यांवर कोळशाने म्हशी काढणारा मुलगा चित्रकलाच शिकणार हे मला दिसत होतं. नांदेडला त्याने डिप्लोमा केला. त्यानंतरची तीन वर्षं पुण्या-मुंबईच्या प्रदर्शनांना चित्रं पाठवण्यात गेली. चित्रं परत यायची आणि पार्सल मीच घ्यायची. एकदा इथेच लातूरला हॉल घेऊन चार दिवस प्रदर्शन मांडलं. अभिप्रायाच्या वहीत एकतीस सह्या झाल्या, त्यांतल्या नऊ आमच्याच घरच्या होत्या.

पुढे माझे सासरे शिवैक्य झाले तेव्हा त्यांच्या शेवटच्या फोटोवरून त्याने चित्र काढलं आणि घरी जेवायला आलेल्या पाहुण्यांनी ते पाहिलं. तिथून कामं सुरू झाली. औसा, निलंगा, उदगीर, पार भालकीहूनही लोक यायचे. त्याला हे काम कमीपणाचं वाटेल अशी मला भीती होती, पण उलट झालं. तो त्यात रमला. हल्ली फोटो स्टुडिओत मोबाइलवरच पाच मिनिटांत डोळे उघडून देतात. रवीला एकदा तसा फोटो दाखवला तर तो म्हणाला, "हे डोळे कोणाचेच नाहीत आई." कामं निम्मी झाली, तरी याचा हट्ट सुटला नाही.

गेल्या संक्रांतीनंतर उदगीरचे वीरण्णा आले. ते माझे माहेरकडून दूरचे चुलत भाऊ, आडत दुकानदार. त्यांची आई सिद्धम्मा शहाऐंशीव्या वर्षी गेली होती. ही बाई जन्मभर फोटोला घाबरत आली. लग्नकार्यात कॅमेरा दिसला की चुलीकडे तोंड करून बसायची. मीही तिला लहानपणी दोन-तीन लग्नांत पाहिलेलं, तेही पाठमोरं. त्यामुळे बसवलेल्या अवस्थेतला फोटो तेवढा होता. स्टुडिओवाल्याकडून नुसता चेहरा मोठा करून घेऊन वीरण्णा आले होते.

रवीने महिनाभरात चित्र पूर्ण केलं. वीरण्णा आणि त्यांची बायको शांतम्मा बघायला आले. वीरण्णा बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "हाय ती अव्वाच. पण ती न्हाई."

रवीने विचारलं, काय चुकलं? ते म्हणाले, डोळे बघ जरा, आमची अव्वा अशी बघत नव्हती. चेहरा तर फोटोवरून उतरवलेला होता, रवीने स्वतःचं म्हणून काढले होते ते फक्त डोळे. मग चूक दुसरीकडे कुठे असणार?

त्याने डोळे खरवडले आणि पुन्हा काढले. दुसऱ्यांदा तेच उत्तर आलं, तिसऱ्यांदाही तेच. मग तो स्वतः उदगीरला गेला आणि अज्जी कशी बघायची हे घरात एकेकाला विचारत फिरला. वीरण्णा म्हणाले, मायेनं बघायची. शांतम्मा पस्तीस वर्षं त्यांची सून. ती म्हणाली, "कुठलं मायेनं? पोळी करपली का काय म्हणून बघायच्या." शेजारीण म्हणाली, ती समोर बघायचीच नाही, तिरकं बघायची. रवीने सगळं वहीत लिहून आणलं आणि तिथून तो जो त्या चित्रात शिरला तो बाहेर आलाच नाही.

उन्हाळ्यात मला वाटायचं, होतं असं, कलावंत माणूस आहे. पाऊस लागला तेव्हा खोलीच्या भिंतीवर पन्नास-साठ डोळ्यांचे कागद चिकटवलेले होते. इतरांची कामं तशीच पडून राहिली आणि लोक आपापले फोटो परत घेऊन गेले. ताट वर नेऊन ठेवायचं आणि दुपारी तसंच खाली आणायचं, हे माझं रोजचं काम झालं. डॉक्टरांना दाखवलं. त्यांनी औषध दिलं, ते तो मुकाट्याने घ्यायचाही. पण बोलायला गेलं की माझ्या चेहऱ्याकडे बघायचा, माझ्या बोलण्याकडे नाही. एकदा मी म्हटलं, जाऊ दे ना ते चित्र. तर म्हणाला, "ती मला दिसते आई. फक्त माझ्याकडं बघत नाही."

त्याची बायको दामिनी इथल्या एका लॅबमध्ये रक्त-लघवी तपासायच्या कामावर होती. लग्नाला तीन वर्षं झालेली. पहिले काही महिने तीही त्याच्यासाठी बसली. ड्युटीवरून आली की डोळे मीट, उघड, अर्धे उघड, वर बघ. श्रावणात एक दिवस तो बसस्टँडवर एका म्हाताऱ्या बाईसमोर तासभर उभा राहून तिच्या डोळ्यांकडे बघत होता. त्या बाईच्या मुलाने त्याची गचांडी धरली आणि यांना दुकान सोडून पोलीस चौकीत जावं लागलं. घरी येताना रवी यांना म्हणाला, तिची खालची पापणी बरोबर होती अप्पा.

पोळ्यानंतर दामिनी अहमदपूरला माहेरी गेली. बॅग भरताना मला म्हणाली, "आई, मी भांडून चालले नाही. मी घरात आहे हे त्यांना कळतंय का, एवढंच बघायचंय." तिसऱ्या दिवशी रवीने मला विचारलं, दामिनी आज लवकर ड्युटीवर गेली का? मी तिला फोनवर हे सांगितलं नाही. पण तिला कसं कळायचं ते कळलंच. नांदेडच्या एका मोठ्या लॅबने तिला बोलावलं होतं, एक नोव्हेंबरला रुजू व्हायचं होतं. तिथे गेली की खोली घेऊन राहणार होती. एक नोव्हेंबरपर्यंत रवी त्या खोलीतून बाहेर येतो की नाही, यावर त्याचा संसार होता. त्याला मात्र तारखाच माहीत नव्हत्या.

ऑक्टोबरच्या मध्यावर एका दुपारी त्याने मला वर बोलावलं. किती दिवसांनी आपणहून हाक मारली म्हणून मी पीठ मळलेल्या हातांनीच गेले. त्याने भिंतीशी चटई घातली होती. शाल ठेवली होती, वाटीत विभूती ठेवली होती. म्हणाला, "बस ना आई थोडं. डोळे मिटून." मी बसले. त्याने माझ्या कपाळावर तीन बोटं ओढली, शाल खांद्यांवरून घेतली आणि मला भिंतीला टेकवलं. म्हणाला, मान थोडी सैल सोड. एक दिवस मला ज्या प्रकारे बसवतील तशीच मी बसले होते आणि माझं पोर मला न्याहाळत होतं. आपण आत्ता डोळे उघडले तर याला काय होईल, आणि नाही उघडले तर काय होईल, हेच माझ्या मनात फिरत होतं.

हे जेवायला वर आले होते. मी दिसले नाही म्हणून खोलीत डोकावले. त्यांनी आरडाओरडा केला नाही. जिन्याच्या पायरीवर जाऊन बसले. मी खाली आले तेव्हा म्हणाले, "उद्या उदगीरला जा. हात जोडून सांग, काम परत घ्या म्हणावं. आम्हाला पोरगं पाहिजे."

एसटीत मी सगळं बोलणं जुळवून ठेवलं होतं. वीरण्णांच्या घरी शांतम्माने पाण्याआधी मुरमुऱ्यांचा सुशीला समोर ठेवला, पण मी बशी बाजूला सारली. मी सगळं सांगितलं, चटईचंही सांगितलं. वीरण्णा टोपी काढून गुडघ्यावर ठेवून ऐकत होते.

"सुकन्या," ते म्हणाले, "मी तर कवाच म्हणलो असतो, राहू दे. आता जसं हाय तसं दे म्हणून दोनदा फोन केला त्याला. त्योच सोडंना. रातन् दिवस करून राहिला."

मी म्हटलं, तुम्ही स्वतः येऊन चित्र उचलून न्या. ते तयार झाले. मग शांतम्माने सहज, काहीतरी बोलायचं म्हणून, आपला मोबाइल माझ्यापुढे धरला. म्हणाली, एवढ्याशा फोटोपायी काय झालं बघा वन्सं.

अख्खा फोटो मी पहिल्यांदाच पाहत होते. आमच्याकडे नुसता चेहरा होता. इथे सिद्धम्मा पूर्ण बसलेली होती. पाठीमागे पांढरा पडदा, छातीपर्यंत हार, मांडी घातलेली आणि शालीतून हात बाहेर आलेला, त्यावर इष्टलिंग. मला काहीतरी खटकलं आणि काय खटकलं ते मेंदूआधी माझ्या हाताला कळलं. लग्नाआधीपासून रोज सकाळी मी लिंग हातावर घेऊन पूजा करते. ते डाव्या तळहातावर असतं. दुसऱ्या हातावर घ्यायचं कोणाच्या मनातही येत नाही.

मी विचारलं, "लिंग उजव्या हातावर कसं ठेवलं हो?"

"उजव्या?" शांतम्मा म्हणाली. "न्हाई न्हाई. स्वामींनी आपल्या हातानं ठेवलं, डाव्यावर. मी बाजूलाच होते की."

मग तिने फोटो नीट पाहिला. वीरण्णांनी चष्मा शोधला आणि त्यांनीही पाहिला. हात उजवाच होता. मी विचारलं, फोटो काढला कोणी? फोटो त्यांच्या जावयाने काढला होता. संगमेश, देगलूरला शाळेत मास्तर आहेत. वीरण्णांनी तिथल्या तिथे फोन लावून सर्वांना ऐकू येईल असा केला. जावईबापूंनी मोठ्या उत्साहाने सांगितलं की त्यांना अज्जीसोबत स्वतःचाही फोटो हवा होता, म्हणून समोरच्या, सेल्फीच्या कॅमेऱ्याने काढला. नंतर स्वतःला त्यातून कापलं आणि सगळ्यांना पाठवून दिला.

"समोरच्या कॅमेऱ्यानं उलटा येतो का हो?" मी विचारलं.

"माझ्या फोनात आरशासारखाच येतो, मावशी. का हो मामा? चांगला आलाय ना?"

वीरण्णांनी फोनवर तळहात झाकला आणि हळू आवाजात म्हणाले, "जावई हाय. काय बोलावं आता?" शांतम्मा फोनजवळ तोंड नेऊन म्हणाली, "लई चांगला आलाय, संगमेशराव," आणि तिने फोन बंद केला.

मग ती आपल्याच चेहऱ्यावर बोट ठेवून दाखवू लागली. सासूबाई रागावल्या की एक भुवई वर जायची, तोंडही त्याच बाजूला ओढलेलं असायचं. चित्रात ती भुवई दुसऱ्या बाजूला होती. तिला पहिल्याच दिवशी वेगळं वाटलं होतं, पण आपण समोर बसून बघायचो म्हणून डावं-उजवं आपणच विसरलो असू, असं समजून ती गप्प राहिली. फोटोतही विचित्र वाटायचं, पण गेलेलं माणूस विचित्र दिसणारच असं घरात सगळ्यांनी धरलं. आणि चित्रात खटकलं ते सगळं डोळ्यांवर गेलं.

परत येताना माझा जीव हलका व्हायला हवा होता, पण तो अर्धवटच झाला. चूक सापडली होती. पण आठ महिने ज्या चुकीने त्याला खाल्लं ती त्याची नव्हतीच, हे त्याला सांगायचं कसं? ऐकून तो आणखी बिथरला तर? थेट बस चुकल्याने अहमदपूरवरून जाणारी मिळाली होती, तिथल्या स्टँडवर ती दहा मिनिटं थांबली. खाली उतरून दामिनीकडे जावं आणि तिलाच सोबत न्यावं असं एकदा मनात आलं. मग वाटलं, आधी कळू तर दे काय होतंय. मी बसूनच राहिले.

घरी आल्यावर पाणीही न पिता वर गेले आणि एका दमात सांगून टाकलं. रवी ऐकत होता की नाही ते कळेना. तो उठला, दामिनीच्या कपाटाशेजारचा आरसा खिळ्यावरून काढला आणि चित्रासमोर धरला. मग म्हणाला, तू धर. मी आरसा छातीशी धरून उभी राहिले. मला चित्र दिसत नव्हतं, तो दिसत होता. तो मागे गेला, जवळ आला, पुन्हा मागे गेला. माझे हात भरून आले तरी मी हलले नाही.

तो खाली फरशीवर बसला. म्हणाला, "पहिलेच डोळे बरोबर होते आई. फेब्रुवारीत काढले होते ते. मीच खरवडले."

मला वाटलं, आता हा रडेल, नाहीतर काहीतरी फेकून देईल. तो थोडा वेळ बोटांवरचा रंग नखाने काढत बसला. मग त्याला हसू आलं. म्हणाला, "तरीच म्हातारी माझ्यावर चिडली होती. भूक लागली गं."

खाली येऊन त्याने तीन भाकरी खाल्ल्या, शेंगदाण्याच्या चटणीशी आणि सकाळच्या वरणाशी. हे दुकानातून वर आले आणि त्याला ताटावर बसलेलं पाहून दारातच थांबले.  तासापूर्वी जेवले होते तरी म्हणाले, मलाही वाढ.

दामिनीला त्याने त्याच संध्याकाळी फोन केला. गच्चीवर बराच वेळ बोलत होता. मी विचारलं तेव्हा म्हणाला, ती म्हणाली, चित्र झालं की मग बघू. मला तिचं बरोबर वाटलं. आठ महिने मीही "आता होईल" असंच ऐकत आले होते.

नव्या कॅनव्हासवर त्याने चेहरा सरळ करून काढला. नऊ दिवस लागले. या नऊ दिवसांत मी जिन्यातून कितीदा वर-खाली केलं त्याचा हिशेब नाही. भीती एकच होती, डोळ्यांपाशी आल्यावर हा पुन्हा अडकतो की काय. डोळे त्याने एका सकाळी काढले आणि दुपारी खाली येऊन ब्रश धुवायला रॉकेल आहे का म्हणून विचारलं.

अठ्ठावीस तारखेला वीरण्णा आणि शांतम्मा आले. रवी वर थांबलाच नाही. चहाचं बघतो म्हणून तो खाली राहिला, मीच त्यांना घेऊन गेले. वीरण्णा रवीच्या खुर्चीत पायावर पाय टाकून बसले. गालात नेहमीप्रमाणे तंबाखू होती. मी चित्रावरचं फडकं काढलं.

मी त्यांच्याकडेच बघत होते. त्यांनी आधी पाय खाली घेतला, मग उठून उभे राहिले. इकडे-तिकडे पाहिलं आणि घाईघाईने गच्चीवर जाऊन नळाशी तंबाखू थुंकून, चूळ भरून परत आले. बासष्ट वर्षांचा माणूस. शांतम्मा पदर तोंडाला लावून हसत होती, डोळ्यांत पाणीही होतं. म्हणाली, "बघितलं का वन्सं? अव्वा असेपर्यंत घरात कधी खाल्ली न्हाई यांनी."

खालून रवीने हाक मारून विचारलं, मामांना बिनसाखरेचा का? वीरण्णांनी वरूनच सांगितलं, "गोड कर आज." चित्र कसं वाटलं हे त्याने विचारलं नाही, त्यांनीही सांगितलं नाही. चहा झाल्यावर वीरण्णांनी चित्र, रंग अजून ओला म्हणून मागच्या बाजूनेच, आपल्या शालीत घेतलं आणि चेहरा आपल्याकडे ठेवून, लेकराला धरावं तसं धरून जिना उतरले.

चारच्या एसटीने रवी अहमदपूरला गेला. दुसऱ्या दिवशी दुपारी दोघं आले. दामिनी माझ्या पाया पडली आणि चप्पल न काढताच वरची खोली बघायला गेली. ती खाली येईपर्यंत मी आणि रवी दोघंही स्वयंपाकघरात उगीच भांडी सारखी करत होतो. खाली येऊन ती म्हणाली, मी गेल्यापासून खिडकी उघडलेली दिसत नाही, भिंतीवरचे डोळे मी काढणार नाही, ज्याने लावले त्याने काढावेत. रवी पाण्याची बादली घेऊन वर गेला. तो वर असतानाच तिने नांदेडला फोन लावून येत नसल्याचं कळवलं. माझ्यासमोर बोलली, आवाज अजिबात न चढवता.

संध्याकाळी त्याला म्हणाली, "जेवण आठ वाजता. हाक एकदाच मारीन."

या गोष्टीला आज सोळा दिवस झाले. रवीकडे सध्या एकच काम आहे, निलंग्याच्या एका आजोबांचं. तो खोलीत असला की माझे कान अजून जिन्याकडे असतात, ते काही इतक्यात जायचं नाही. आठला पाच-दहा मिनिटं असतानाच मला उगीच पाणी प्यावंसं वाटतं. आतापर्यंत हाक दुसऱ्यांदा मारावी लागलेली नाही. काल तर पावणेआठलाच आला आणि ताटं त्यानेच मांडली.